कणगीतले बी आणि रक्तातला विळा

मे महिना सरत आला की जव्हारहून मोखाड्याकडे जाताना डोंगरउतारांवर काळे पट्टे दिसू लागतात. हे राब. फांद्या, पालापाचोळा, शेण आणि माती यांचे थर देऊन जमिनीचा तेवढा तुकडा भाजलेला असतो. पहिला पाऊस झाला की त्यात नागलीचे, वरईचे, भाताचे बी फेकायचे आणि तीनेक आठवड्यांनी रोपे उपटून लावणी करायची. त्याआधी घरातली कणगी उघडली जाते. कणगी बांबूची, शेणाने सारवलेली. बियाण्यात निरगुडीचा पाला नाहीतर चुलीतली राख मिसळलेली. हे बी दुकानातून आलेले नसते. मागच्या कापणीच्या वेळी घरातल्या बाईने उभ्या पिकातून हिंडून भरलेली, रोग न लागलेली कणसे वेगळी काढलेली असतात, त्यांचे हे बी. तिच्याआधी तिच्या सासूने हेच केले, तिच्याआधी तिच्या सासूने.

जनुकशास्त्राची गोष्ट सहसा प्रयोगशाळेच्या दारातून सुरू होते. मला ती या राबापासून सुरू करावीशी वाटते. आज संगणकावर ज्या जनुकांचा माग काढला जातो, त्यांतली कितीतरी आधी अशाच हातांनी निवडली आणि टिकवली आहेत. शिवाय जव्हार आणि मोखाडा या दोन तालुक्यांत जनुकांचा आणखी एक धागा आहे. तो माणसांच्या रक्तातून जातो.

आधी बियाण्याचे पाहू. इथला शेतकरी भाताचे हळवे, निमगरवे आणि गरवे असे तीन प्रकार करतो. हळवे लवकर तयार होते, गरव्याला चार-साडेचार महिने लागतात. वरच्या अंगाच्या, पाणी लवकर सोडणाऱ्या खाचरात हळवे आणि खालच्या, ओल धरणाऱ्या खाचरात गरवे, हा हिशोब लहान मुलालाही ठाऊक असतो. वर्षाला अडीच-तीन हजार मिलिमीटर पाऊस पडणारा हा मुलूख. पण पाणी उतारावरून धावत वैतरणेला आणि पिंजाळला मिळते, आणि एप्रिल-मेमध्ये मोखाड्यातल्या पाड्यांवर टँकरची वाट पाहावी लागते. अशा जमिनीत एकच वाण सगळीकडे लावून चालत नाही.

हळवे आणि गरवे यांतला फरक मुळात जनुकांचा आहे. भाताचे झाड रात्रीची लांबी मोजते. पुष्कळशा जुन्या गरव्या वाणांत ही मोजणी करणारी जनुके जागी असतात. पावसाळा संपत येतो, दिवस लहान होऊ लागतात, रात्र ठरावीक लांबीची झाली की पानांत एक प्रथिन तयार होते. ते खोडातून शेंड्यापर्यंत जाते आणि शेंड्याला निरोप देते, की आता पाने पुरे, लोंबी काढ. म्हणूनच पाऊस लांबल्याने लावणी पंधरा दिवस उशिरा झाली, तरी असे गरवे भात जवळपास नेहमीच्या वेळीच निसवते. हळव्यात ही जनुके वेगळ्या रूपात असतात. ते झाड रात्र मोजत बसत नाही, वय झाले की निसवते. शास्त्रज्ञांनी यांतल्या काही जनुकांची नेमकी ओळख गेल्या पंचवीस-तीस वर्षांत पटवली. त्यांचा उपयोग शेतकऱ्याने कितीतरी शतके आधी ओळखला होता.

हरितक्रांतीने हे चित्र बदलले. १९६६ मध्ये फिलिपिन्समधल्या आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेने आयआर-८ हा बुटका वाण आणला. त्यातल्या एका बिघडलेल्या जनुकामुळे झाड उंच वाढत नाही, खत कितीही घातले तरी लोळत नाही आणि ताकद दाण्यात जाते. देशाची भूक भागवण्यात या जनुकाचा वाटा फार मोठा आहे, तो नाकारण्यात अर्थ नाही. पण डोंगरातल्या शेतकऱ्याला भाताबरोबर पेंढाही लागतो. गुरांना तो, छपराला तो. आणि जिथे मुसळधार पावसात खाचर गळ्यापर्यंत भरते, तिथे बुटके रोप बुडून कुजते. मैदानातल्या पाण्याच्या, खताच्या शेतीसाठी घडवलेले बी डोंगरावर चढवले, तेव्हा ते सगळीकडे रुजले नाही.

पुढे संकरित बियाणे आले. कर्जतच्या भात संशोधन केंद्राने १९९८ मध्ये ‘सह्याद्री’ हा संकरित भात दिला, खाजगी कंपन्यांचे अनेक आले. दोन वेगळ्या वाणांचा संकर केला की पहिल्या पिढीला जोम येतो आणि उत्पन्न वाढते. मात्र त्याच पिकाचे बी पुढल्या वर्षी पेरले तर आई-बापांचे गुण पुन्हा फुटून वेगळे होतात. एक झाड उंच, एक बुटके, एक लवकर निसवणारे, एक उशिरा. ग्रेगॉर मेंडेलने १८६६ मध्ये वाटाण्यावरून मांडलेला नियम तो हाच. म्हणून संकरित बी दरवर्षी विकत घ्यावे लागते. दिवाळीनंतर वीटभट्टीवर, बांधकामावर जाऊन आणलेल्या पैशांतला एक भाग जूनमध्ये बियाण्याच्या पिशवीत जातो. यात कुणाची फसवणूक नाही, तो संकराचा स्वभाव आहे. पण ज्या घरात कणगी रिकामी झाली, त्या घराने निवडीची विद्याही हरवली, याचे मला वाईट वाटते.

ती विद्या पुरती हरवू नये म्हणून जव्हार परिसरात बायफ या संस्थेने शेतकऱ्यांबरोबर बरेच काम केले आहे. पाड्यापाड्यांवर फिरून भात, नागली, वरईचे जुने वाण शोधायचे, ते शेजारीशेजारी लावून पाहायचे, त्यांच्या गुणांची नोंद करायची आणि गावातच बियाणे बँक उभारायची. शेतकऱ्याने एक किलो बी न्यायचे आणि हंगामानंतर वाढवून परत करायचे, असा या बँकांचा व्यवहार. कळपेरी आणि दसरबेंद्री ही नागलीची नावे, दुधमोगरा आणि घोशी ही वरईची. नावातच माहिती असते: दसऱ्याच्या सुमाराला येणारी, दुधासारखी पांढरी. सह्याद्री ओलांडला की अकोले तालुका लागतो. तिथल्या कोंभाळणे गावच्या राहीबाई पोपेरे यांना याच कामासाठी २०२० ची पद्मश्री जाहीर झाली. एप्रिल २०२२ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने पाच वर्षांसाठी १७२ कोटी ३९ लाख रुपयांच्या ‘महाराष्ट्र जनुक कोष’ प्रकल्पाला मंजुरी दिली. त्याच्या सात विषयांत स्थानिक पीकवाणांबरोबर देशी गुरेही आहेत. मोखाड्याच्या पावसात चिखलणी करणारा डांगी बैल त्यात आला, ही आनंदाची गोष्ट. त्याच्या कातडीतून तेलकट द्रव पाझरतो आणि पाऊस अंगावरून निथळून जातो. हाही जनुकांचाच गुण.

जुने वाण दिल्लीच्या राष्ट्रीय जनुकपेढीत उणे तापमानात ठेवता येतात. मग शेतात कशाला लावायचे? कारण शीतपेटीतले बी जसेच्या तसे राहते, शेतातले बदलत राहते. करपा रोग दरवर्षी नव्या रूपाने येतो, पाऊस मागे-पुढे होतो, आणि दर हंगामाला निवड चालू राहते. दोन्ही हवेत. पेटी आगीपासून, दुष्काळापासून वाचवते. शेत काळाबरोबर चालते.

अशा एखाद्या दुर्लक्षित वाणात काय दडलेले असते, याची दोन उदाहरणे सांगतो. ओडिशात धालपुटिया नावाचा एक देशी भात होता. उत्पन्न बेताचे, पण पुराखाली दोन आठवडे राहूनही तो जगे. पाणी डोक्यावरून गेले की बाकीची रोपे वर येण्यासाठी धडपडून उंच वाढतात आणि ताकद संपवून मरतात. हा मात्र वाढ थांबवतो, साठा राखून ठेवतो आणि पाणी ओसरले की पुन्हा उभा राहतो. २००६ मध्ये यामागचे जनुक नेमके सापडले. ‘सब-१’ हे त्याचे नाव. साध्या संकरातून आणि डीएनएच्या खुणा तपासत ते ‘स्वर्णा’ या लोकप्रिय वाणात आणले गेले आणि २००९ मध्ये स्वर्णा-सब-१ भारतात प्रसारित झाला. पूरग्रस्त पूर्व भारतात लाखो शेतकऱ्यांनी तो लावला. दुसरे उदाहरण सत्तरच्या दशकातले. आशियातल्या भातावर एक विषाणूजन्य खुजा रोग पसरला. प्रतिकार शोधण्यासाठी ६,२७३ नमुने तपासले गेले. उत्तर प्रदेशातून आणलेल्या रानटी भाताच्या एकाच नमुन्यात तो सापडला. तो रानटी भात त्याआधी कुणी तण म्हणून उपटून संपवला असता तर?

आता बियाण्यातल्या डीएनएला थेट हात घालता येतो. इथे दोन गोष्टींची गल्लत होते, ती सोडवून घेऊ. पहिली, परक्या जीवाचे जनुक आणून घालणे. जालन्याच्या महिको कंपनीचे बीटी कापूस बियाणे २६ मार्च २००२ रोजी मंजूर झाले. त्यात जमिनीतल्या एका जिवाणूचे जनुक आहे आणि त्यामुळे कापसाच्या पानात बोंडअळीला मारणारे प्रथिन तयार होते. सुरुवातीला फवारण्या घटल्या. पण अळ्याही निवडीच्या नियमाने बदलतात. २०१७ च्या हंगामात विदर्भात गुलाबी बोंडअळीने बीटी कापसाचे जे नुकसान केले, ते अनेकांना आठवत असेल. बीटी वांगे २०१० मध्ये केंद्र सरकारने थांबवले, ते आजही थांबलेले आहे.

दुसरी गोष्ट जनुकसंपादनाची. यात बाहेरचे काही आणायचे नसते. क्रिस्पर नावाच्या तंत्राने झाडाच्या स्वतःच्या जनुकात ठरावीक जागी काप द्यायचा. मार्च २०२२ मध्ये केंद्राने अशा संपादित पिकांना, त्यात परके डीएनए उरले नसेल तर, जनुकबदल पिकांच्या कडक नियमांतून सूट दिली. ४ मे २०२५ रोजी भारतीय कृषी संशोधन परिषदेने असे दोन भातवाण जाहीर केले. त्यांतला ‘कमला’ हैदराबादच्या भात संशोधन संस्थेने सांबा मसुरीपासून केला. लोंबीत दाणे वाढतात आणि पीक सुमारे वीस दिवस आधी येते, असा संस्थेचा दावा आहे. चाचण्यांच्या आकड्यांवर आक्षेपही घेतले गेले आहेत, आणि त्यांची उत्तरे सगळ्या आकडेवारीसह लोकांपुढे यायला हवीत. मला या तंत्राची भीती वाटत नाही. काळजी वाटते ती मालकीची. क्रिस्परची मूळ पेटंटे परदेशातल्या मोठ्या संस्थांकडे आहेत. बियाणे उत्तम निघाले आणि ते दरवर्षी विकतच घ्यावे लागले, तर मोखाड्याच्या वरकस जमिनीवर त्याचा उपयोग किती?

आणि नागलीचे काय? पूर्व आफ्रिकेच्या डोंगरांतून हजारो वर्षांपूर्वी आलेले हे पीक आपण इतके आपले केले, की कणसरी माता, म्हणजे धान्याची देवी, म्हटली की डोळ्यांपुढे नागलीचे कणीस येते. शंभर ग्रॅम नागलीत साडेतीनशे मिलिग्रॅमच्या आसपास कॅल्शियम असते, तांदळाच्या कितीतरी पट. तिच्या जनुकसंचाचा पहिला आराखडा २०१७ मध्ये बंगळूरच्या कृषी विद्यापीठातल्या संशोधकांनी प्रसिद्ध केला. त्याच्या दीड दशक आधीच भाताचा झाला होता. नागलीच्या फुलावर आणि मानेवर पडणारा करपा रोखणारी जनुके आपल्याच डोंगरांतल्या वाणांत असण्याची शक्यता दाट आहे. ती शोधायला पैसा आणि माणसे लागतात, आणि गरिबाच्या पिकावर दोन्ही उशिरा पोहोचतात.

कायदा मात्र आपल्या बाजूने आहे, हे फार थोड्यांना माहीत असते. पीकवाण संरक्षण आणि शेतकरी हक्क कायदा २००१ चा. त्यानुसार शेतकरी आपले बी राखू शकतो, पेरू शकतो, बदलून घेऊ शकतो, विकूही शकतो. फक्त कुणाच्या नोंदणीकृत वाणाच्या नावाने पिशवीबंद विकता येत नाही. परंपरेने जपलेला वाण शेतकऱ्यांच्या नावे नोंदवता येतो. जैवविविधता कायदा २००२ चा. त्याखाली प्रत्येक ग्रामपंचायतीत समिती हवी आणि गावातल्या वाणांची, वनस्पतींची लोकजैवविविधता नोंदवही हवी. बाहेरच्या कंपनीने गावचे बी नेऊन त्यावर धंदा उभारला, तर लाभात गावाचा वाटा मागायला ही नोंद कामी येते.

आता दुसरा धागा, रक्ताचा.

नागली ज्या विळ्याने कापतात, त्या आकाराच्या तांबड्या पेशी रक्तात दिसतात म्हणून या आजाराला सिकलसेल म्हणतात. मराठीत एका वेलांटीने अर्थ फिरतो. ‘दिन’ आणि ‘दीन’ यांत तेवढाच फरक. इथेही तसेच घडते. तांबड्या पेशीतले हिमोग्लोबिन प्राणवायू वाहते. त्याच्या बीटा साखळीत १४६ दुवे असतात. जनुकात एका ठिकाणी ‘ए’च्या जागी ‘टी’ आले की सहावा दुवा बदलतो. बाकी सगळे तसेच राहते. पण प्राणवायू सोडल्यावर अशी हिमोग्लोबिने एकमेकांना चिकटतात, त्यांचे ताठ दोर बनतात आणि गोल, लवचिक पेशी वाकून विळा होते. ती बारीक रक्तवाहिन्यांत अडकते. मग हाडे, छाती, पोट यांत असह्य कळा. नेहमीची तांबडी पेशी १२० दिवस जगते, ही दहा-वीस दिवसांत फुटते. म्हणून अंगात कायम रक्त कमी.

इतके घातक जनुक टिकले का? कारण मलेरिया. आई-वडिलांपैकी एकाकडूनच बदललेले जनुक मिळाले तर माणूस वाहक होतो. तो आजारी नसतो, आणि गंभीर मलेरियापासून त्याला बऱ्याच अंशी संरक्षण मिळते, हे अँथनी ॲलिसन यांनी १९५४ मध्ये दाखवले. मलेरियाच्या जंगली मुलखांत, म्हणजे आफ्रिकेत, अरबस्तानात, भूमध्य समुद्राकाठी आणि आपल्याकडच्या आदिवासी पट्ट्यात, वाहक जगले आणि जनुकही जगले. भारतात ते प्रथम १९५२ मध्ये निलगिरीत आढळले. विदर्भात ते दलित समाजातही आहे. म्हणून हा अमक्या जातीचा किंवा जमातीचा रोग म्हणणे साफ चूक आहे. ही त्या मुलखातल्या डासांची आठवण आहे.

हिशोब मेंडेलचाच. दोघेही वाहक असतील तर प्रत्येक गरोदरपणात बाळाला आजार होण्याची शक्यता चारात एक. ‘प्रत्येक’ हा शब्द महत्त्वाचा. पहिले मूल आजारी निघाले म्हणून पुढची तीन सुटली, असे होत नाही. दर वेळी फासा नव्याने पडतो.

देशाने १ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशातल्या शहडोल येथून सिकलसेल निर्मूलन मोहीम सुरू केली. आदिवासी भागांतल्या चाळीस वर्षांपर्यंतच्या सात कोटी लोकांची तपासणी आणि २०४७ पर्यंत आजार संपवणे हे तिचे उद्दिष्ट. महाराष्ट्राने त्याच्या किती तरी आधी, २००८-०९ पासून, स्वतःचा कार्यक्रम चालवला आहे. निदान झाले तर उपाय आहेत. हायड्रॉक्सियुरियाची गोळी गर्भावस्थेतल्या हिमोग्लोबिनचे प्रमाण वाढवते. ते विळा होऊ देत नाही, कळा कमी होतात. लहानपणापासून लसी आणि पेनिसिलिन मिळाले, पाणी भरपूर प्यायले, ताप लगेच दाखवला, तर ही मुले मोठी होतात, शिकतात, संसार करतात. पण गोळी रोज लागते, आणि वीटभट्टीवर गेलेल्या कुटुंबाला ती तिथे मिळायला हवी. स्थलांतरित रुग्णाचे कार्ड भिवंडीत, वसईतही तितकेच चालले पाहिजे. मोहिमेचे यश मी यावर मोजीन.

मुळावरच घाव घालणारा उपचारही आला आहे. क्रिस्परवर आधारलेले ‘कॅसजेव्ही’ अमेरिकेत ८ डिसेंबर २०२३ रोजी मंजूर झाले. रुग्णाच्या मूळपेशी काढायच्या, गर्भातले हिमोग्लोबिन जन्मानंतर बंद पाडणारा खटका तोडायचा आणि त्या परत सोडायच्या. मंजुरीच्या वेळी किंमत २२ लाख डॉलर, म्हणजे तेव्हाच्या दराने अठरा कोटी रुपयांच्या घरात. एवढ्या पैशांत इथले एखादे रुग्णालय उभे राहील. नोव्हेंबर २०२५ मध्ये दिल्लीच्या आयजीआयबी या सरकारी संस्थेने स्वतःचे देशी तंत्र जाहीर केले आणि ते पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटकडे सोपवण्याचा करार झाला. बिरसा मुंडांच्या नावावरून त्याला ‘बिरसा-१०१’ म्हटले आहे. नाव मोठे आहे. ते उपचार जव्हारच्या पतंगशाह कुटीर रुग्णालयातून पाठवलेल्या मुलाला मिळतील, तेव्हा ते नाव सार्थ होईल.

समाजाच्या अंगाने पाहिले तर तपासणीइतकेच समजावणे मोलाचे आहे. तपासणीत ‘वाहक’ निघालेल्या मुलीचे लग्न मोडते, मुलाचे सहसा नाही. जनुक दोघांकडून येते, बोल एकीलाच लागतो. दोन वाहकांनी एकमेकांशी लग्न टाळले किंवा गरोदरपणात वेळेवर सल्ला घेतला, एवढेच पुरे. वाहकाने लग्नच करू नये असे कोणतेही शास्त्र सांगत नाही. संमतीचेही तसेच. जानेवारी २०२५ मध्ये ‘जीनोम इंडिया’ प्रकल्पाने देशभरातल्या सुमारे दहा हजार लोकांच्या संपूर्ण जनुकसंचाची माहिती संशोधकांसाठी खुली केली. अशा कामांत आदिवासी समाजांचे रक्त लागतेच. ते कशासाठी घेतले, त्यातून काय निघाले, हे त्यांच्या बोलीत परत येऊन सांगणे हे संशोधकाचे कर्तव्य आहे.

आणि एक गोष्ट जनुकांच्या माथी मारू नये. १९९२-९३ मध्ये जव्हार तालुक्यातल्या वावर-वांगणीत शंभरावर मुले कुपोषणाने गेली. त्यांच्या डीएनएत काही वाकडे नव्हते. अन्न, औषध आणि रस्ता त्यांच्यापर्यंत पोहोचले नाहीत. आज कॅल्शियम, लोह, जस्त जास्त असलेले नागलीचे सुधारित वाण निघाले आहेत. ते चांगलेच आहे. पण कणगीतली नागली आंबील होऊन बाळाच्या वाटीत पडली, तर पोषणाचे पुष्कळसे काम तिथेच होते.

वाचकांना दोन गोष्टी सांगायच्या आहेत. तुम्ही किंवा तुमचे शेजारी या डोंगरपट्ट्यातले असाल तर मुलामुलींची सिकलसेल चाचणी लग्नाची बोलणी सुरू होण्याआधी करून घ्या. सरकारी आरोग्य केंद्रात ती मोफत होते आणि पहिल्या चाचणीला बोटातल्या रक्ताचा थेंब पुरतो. आणि घरी जुन्या वाणाची मूठभर नागली, वरई किंवा भात अजून असेल, तर येत्या पावसात ती पेरा. बी कणगीत फार वर्षे ठेवले की उगवत नाही.